पुसलेले बोलणे

पडद्यावर शांतम्मा आली तेव्हा पंचशीलाला वाटले, चुकून आली असेल, आत्ता जाईल. ती गेली नाही. लातूरच्या त्या गारेगार सभागृहात दोनशे लोकांसमोर ती बोलू लागली. "पोरगी आजारी व्हती तवा महिनाभर शाळेच्या पोत्यातले मूठमूठ तांदूळ घरी नेले म्या." खरी शांतम्मा पंचशीलाच्या शेजारच्या खुर्चीवर ठेवणीतले इरकल नेसून बसली होती. निलंग्याकडच्या त्यांच्या गावात आजही शाळेची खिचडी तीच शिजवायची, आणि पुढच्या रांगेत शिक्षण खात्याचे दोन साहेब होते.

गीतांजली मॅडम पुण्याहून आल्या त्या मुळी 'तुमची गरिबी तुम्हीच दाखवा' असे सांगत. त्यांनी सात बायकांना कॅमेरे दिले. पंचशीला तर आठवडाभरात अशी तयार झाली की नवरा तिला 'डायरेक्टरीणबाई' म्हणून चिडवू लागला. नियम एकच होता. दिवसभराचे चित्रण संध्याकाळी समाजमंदिराच्या भिंतीवर बघायचे, आणि ज्याला आपले नको वाटेल त्याचे सगळ्यांदेखत पुसायचे.

शांतम्मा असले काही कुणाजवळ बोलणारी नव्हे. पंचशीलाने कॅमेरा धरला तेव्हा तिच्याजवळ बोलली, कारण दोघी पंधरा वर्षे शेजारशेजारची पात धरून खुरपत आल्या होत्या. संध्याकाळी भिंतीवर स्वतःला बघून मात्र ती घाबरली. पंचशीलाने शांतम्माच्याच बोटाने कॅमेऱ्याचे बटण दाबून ते पुसले, आणि दोघी हसत घरी गेल्या. पण भिंतीवर दिसावे म्हणून कॅमेऱ्यातले कार्ड आधी मॅडमच्या लॅपटॉपला लावावे लागे, आणि ते काम रोज पंचशीलाच नेमाने करायची. लॅपटॉपात नक्कल राहते हे तिला कुणी सांगितले नव्हते, आणि विचारायचे तिला सुचले नव्हते.

टाळ्या थांबल्यावर तिने मॅडमना गाठले. त्यांनी तिचा हात हातात घेतला. त्या एका तुकड्याने बाहेरच्या लोकांचे डोळे उघडले, म्हणाल्या, फिल्म आता चार देशांत जाणार, गावाचे भले होणार.

"मॅडम, तिनं नको म्हणलं व्हतं."

"माहीत आहे गं मला. पण खरं तेच होतं ना?"

केसाने गळा कापतात तो असा, लाडाने हात धरून. पंचशीलाने हात सोडवून घेतला. तिला रडू आले ते रागाचे होते, आणि त्यातला बराच राग स्वतःवरचा होता.

परतीच्या एसटीत शांतम्मा एकदाच बोलली. "म्याडम परक्या. त्यास्नी काय बोलू? मशीन तुझ्या हातात व्हती."

दुसऱ्या दिवशी शाळेने बोलवायच्या आतच तिने मोठे पातेले घासून उपडे घातले आणि कोठीची चावी हेडमास्तरांच्या टेबलावर नेऊन ठेवली. फाटकापाशी पंचशीला उभी होती. तिने "अक्का" म्हणून हाक मारली. शांतम्मा थांबली. तिने पदर सोडला, तांदळाचा एक दाणाही नाही असा झटकून दाखवला, आणि पुन्हा खांद्यावर घेऊन ती घराकडे चालू लागली.