तुझ्यासाठी राखलेली पट्टी

“उष्टं औषध मला देतोस?” असं म्हणत तिने मला शिलाई मशीनवर आपटलं.

मी कॅप्सुलांची अर्धी उरलेली पट्टी बोलतेय. आपटली गेले तरी मला राग आला नाही. बाईचं बरोबरच होतं.

“उष्टं कसलं? तुझ्यासाठी राखून ठेवलंय,” तिचा नवरा म्हणाला. हा वेल्डर. दिवसभर लोखंड सांधतो, पण बायकोपुढे आवाज बसतो.

“औषध म्हणजे काय बिस्किटाचा पुडा आहे? अर्धा तू, अर्धा मी?”

त्याला खरंच तसं वाटलं होतं हो! या घरात सगळंच निम्मं-निम्मं चालतं. एका कपाचा चहा दोन बशांत. साबणाची वडीसुद्धा सुरीने कापून अर्धी न्हाणीघरात, अर्धी त्याच्या कामाच्या पिशवीत. मग दुखणं दोघांचं म्हटल्यावर औषध नाही का वाटायचं?

माझा जन्म कारखान्यातला. पांढऱ्या टोप्या घातलेल्या बायकांनी मला डोळ्यांत तेल घालून तपासलं. माझ्या एकेका कप्प्यात एकेक कॅप्सूल, वरून चंदेरी कागद. तेव्हाचा माझा तोरा काय विचारता! मग औषधांच्या दुकानात खणात पडून राहिले. एके दिवशी हा आला आणि चिठ्ठी पुढे करून भिंतीकडे बघत उभा राहिला. खोकल्याचं औषध लोक ओरडून मागतात. माझ्यासाठी आलेला माणूस मात्र कुजबुजतो.

त्याला परमा, म्हणजे गुप्तरोग झाला होता. लग्नाआधीचं दुखणं. बायकोला त्याने सांगितलं, त्यावर तिचं रडून आणि अबोला धरूनही झालं. डॉक्टरीणबाईंनी परम्यासाठी त्याला इंजेक्शन दिलं. माझ्या घराण्याला परम्याचे जंतू केव्हाच जुमानेनासे झालेत. माणसांनीच औषधं अर्धवट घेऊन घेऊन त्यांना निगरगट्ट केलंय. मला दिलं होतं ते परम्याच्या जोडीने येणाऱ्या दुसऱ्या जंतूंसाठी.

“पट्टी संपवायची. बायकोलाही तपासायला आणायचं. दोघं बरे होईपर्यंत जवळ यायचं नाही,” डॉक्टरीणबाईंनी बजावलं होतं.

लघवीची जळजळ थांबली आणि या शहाण्याने मला बटणांच्या डब्यात ठेवून दिलं. का, तर बायकोला दवाखान्यात मान खाली घालावी लागू नये म्हणून. केवढी माया, आणि केवढा वेडेपणा! आता तिचं ओटीपोट दुखतंय, याची जळजळ परत आलीय. त्यात दोघांना मूल हवंय, आणि हे दुखणं आत मुरलं तर मुलाची वाटच बंद करतं.

“दवाखान्यात कुणी ओळखीचं भेटलं तर?” तो पुटपुटला. “मला नावं ठेवली तर ठेवू देत. तुला कुणी काही बोललेलं मला नाही खपायचं.”

ती मला हातात घेऊन उलटसुलट करत राहिली. माझा जीव खालीवर. बाई, मला गिळू नकोस गं! इंजेक्शनचं काम माझ्याने होत नाही. जे माझं काम, तेही मी अर्धी राहून काय करणार? माझ्या तडाख्यातून वाचलेला जंतू पुढच्या खेपेला माझ्या बहिणींना हसेल. माझा सगळा तोरा बाजूला ठेवून सांगते, मला टाकून द्या, पण तुम्ही दोघं बरे व्हा.

तिने मला पर्समध्ये टाकलं, पायात चपला सरकवल्या आणि त्याचा हात धरला.

“लाज वाटली तर माझ्या मागे उभा राहा, बोलायचं ते मी बोलते, पण औषध ज्याचं त्याने घ्यायचं आणि पुरतं घ्यायचं!”