खोलीची शांतता

स्वतःच्या रोजच्या जगण्यावर माहितीपट करायचं त्याच्या डोक्यात आलं, तेव्हा आई म्हणाली होती, "आपल्या घरात बघण्यासारखं काय आहे रे? उष्टी भांडी?" पण लेकाचं खूळ म्हणून तिने चालवून घेतलं. तो दाढी करायचा, कपडे वाळत घालायचा, नोकरीला नकार आल्याचा फोन घ्यायचा, आणि कॅमेरा चालूच. आई मध्ये बोलली की तो हात वर करून तिला गप्प करी. माणूस एकटा कसा जगतो, हे त्याला दाखवायचं होतं. तेही आईच्या घरात, आईच्या हातचं जेवून.

प्रत्येक प्रसंगानंतर खोलीचा नुसता आवाज घेऊन ठेवायचा, ही त्याच्या धंद्यातली रीत. पंखा, फ्रीज, खिडकीबाहेरच्या गाड्या. पुढे एडिटिंगमध्ये तुकडे जोडताना त्याची ठिगळं लागतात. तेवढा वेळ कुणी हूं की चूं करायचं नाही. बोलघेवडी आई यात मात्र तरबेज झाली. रेकॉर्डरचा तांबडा दिवा लागला की हातातलं पातेलं हातातच राही. "झालं," म्हणत तो रेकॉर्डर बंद करी, आणि मग तिच्या तोंडाचा पट्टा सुरू होई. "डायरेक्टरसाहेब, दूध उतू गेलं तुमच्या शांततेपायी."

मग आईला झटका आला. हातपाय शाबूत राहिले, वाचा गेली.

तिला पुन्हा बोलायला शिकवणाऱ्या बाईंनी विचारलं, "त्यांचं रोजचं बोलणं कुठे रेकॉर्ड केलेलं आहे का? स्वतःचा आवाज ऐकून काहींना शब्द सापडतात."

"ढीगभर आहे," तो छातीठोकपणे म्हणाला.

घरी येऊन त्याने सगळं उपसलं. पंखा होता, फ्रीज होता. प्रत्येक तुकड्याच्या शेवटी त्याचं स्वतःचं "झालं" आणि खटका. आईचं एक धड वाक्य नव्हतं. स्वतःच्याच थोबाडीत मारून घ्यावीशी वाटली त्याला, पण त्याने काय होणार होतं?

"असू दे," बाई म्हणाल्या. "आता त्यांच्या तोंडून जे काही निघतंय ते रेकॉर्ड करून आणा. त्यावर काम करू."

निघत होतं खरं. सकाळीच चहाच्या कपाकडे बघून तिने "च... च..." केलं होतं. दुसऱ्या दिवशी त्याने कपाशेजारी रेकॉर्डर ठेवला. तांबडा दिवा लागला. आईने कप आवाज न करता खाली ठेवला, हात मांडीवर घेतले आणि ओठ मिटले.

"आई, बोल ना. आज बोलायचंय."

तिने दिव्याकडे बोट दाखवलं आणि तेच बोट ओठांवर ठेवलं. लेकाचं काम बिघडू नये, एवढं तिला अजून कळत होतं.

त्याच्याने बघवेना. रेकॉर्डर बंद करून तो म्हणाला, "झालं, आई."

सवयीने तिने मोठा श्वास घेतला, तोंड उघडलं. काहीच आलं नाही. तो अजून "झालं" म्हणालाच नसावा, अशी ती त्याच्या तोंडाकडे बघत राहिली.

"झालं ना, आई," तो पुन्हा म्हणाला. "झालं. आता बोल."