खिशात नसलेलं कूपन

आर्डमुइर एक, समोरचे शून्य, असं टीव्हीच्या खालच्या फुटबॉलच्या पट्टीवर सरकत गेलं आणि टेबलाभोवतीच्या पाच जणांनी एकदम हात वर केले. शोनानेही केले. जरा उशिरा केले, पण केले.

"काय गं, पोटात दुखतंय का?" केर म्हणाला. "जिंकतोय आपण. तोंड असं केलंयस जसं तुझ्या मांजरावरून कुणी गाडी नेलीय."

"मला मांजर नाही."

"म्हणूनच म्हटलं, एवढं दुःख कसलं."

शनिवारची दुपार, बंदरावरचा पब. बाहेर आत्ताच अंधारायला लागलेलं. टेबलावर चिप्सच्या बश्या आणि व्हिनेगरचा वास, पण व्हिनेगरच्या खाली मासळीचा वास होताच. हे सहा जण कितीही घासून आले तरी तो जात नाही. सगळे एकाच मासळीच्या शेडमधले. सकाळी सहाला उभं राहायचं आणि हॅडॉक माशाचे काटे काढत बसायचं. बसायचं कसलं, उभंच.

दर शुक्रवारी प्रत्येकाने शोनाच्या हातावर पाच पाउंड ठेवायचे आणि एका संघाचं नाव सांगायचं. सहा माणसं, सहा संघ, बेटिंगच्या दुकानात एक कूपन. सहाच्या सहा जिंकले तर एकाचा भाव दुसऱ्याशी गुणत गुणत तीस पाउंडांचे हजारो होतात. पाच जिंकले आणि सहावा पडला, तर फुटकी कवडी नाही. असं झालं की दुकानवाला हसतसुद्धा नाही, त्याला सवय असते.

कूपन लावायला शोनाच का, तर मागच्या वसंतात तिने एकदा लावलं होतं, तीनच संघांचं, आणि ते आलं. तेव्हापासून हिचा हात चांगला असं ठरलं. आणखी एक ठरलं होतं. शेवटची शिट्टी वाजेपर्यंत कूपन बाहेर काढायचं नाही, बघायचं नाही, बघायला मागायचंही नाही. केरने एकदा सामना संपायच्या आधीच कूपनचा फोटो काढून बायकोला पाठवला होता आणि फोटो पोचायच्या आत समोरच्यांनी गोल मारला. नंतर दोन महिने शेडमध्ये त्याच्याशी कुणी धड बोललं नव्हतं. मस्करी नव्हती ती.

म्हणून आज कुणी शोनाला कूपन दाखव म्हणालं नव्हतं. आणि शोनाच्या खिशात कूपन नव्हतंच.

ऑगस्टमध्ये सुरू झालं. एका शुक्रवारी दुकानात रांग होती आणि दिवसभर उभं राहून पाय दुखत होते. उद्या लावू म्हणून ती निघाली आणि विसरली. शनिवारी पहिल्याच सामन्यात संघ हरला. मेलेलं कूपन कोण बघायला मागणार? तीस पाउंड कोटातच राहिले. त्या संध्याकाळी घरी गेली तर विजेच्या मीटरमध्ये आधी भरलेले पैसे संपलेले आणि आई अंगावर कोट घेऊन अंधारात बसलेली. शोनाने ते तीस मीटरमध्ये टाकले. दिवे लागले. वर आभाळ कोसळलं नाही.

मग तिने हिशेब केला. शाळा तिने पंधराव्या वर्षी सोडली होती, पण गणितामुळे नाही, गणिताच्या मास्तरामुळे. एक संघ जिंकायची शक्यता पाचात दोन धरा. दोन एकदम जिंकायची, पंचवीसात चार. असं करत सहा एकदम जिंकायचे म्हणजे जवळपास अडीचशेत एकदा. अडीचशे शनिवार म्हणजे पाच वर्षं होतात. मग दुकानाला पैसे कशाला द्यायचे? दुकान दर आठवड्याला फुकट घेतंय, ते मीच घेतलेलं काय वाईट?

दोन गोष्टी तिच्या डोक्यात आल्या नाहीत. एक, अडीचशेतला तो एक शनिवार सगळ्यात शेवटी यायला बांधलेला नसतो. तो पहिलाही असू शकतो, आजचाही. दुसरी, दुकानाकडे असली हजारो कूपनं येतात. एक लागलं तर बाकीच्यांचे पैसे त्याला भरतात. शोनाकडे एकच कूपन होतं आणि तिच्यामागे तिजोरी नव्हती, मीटर होतं.

आज सगळे आले असते तर सात हजार पाउंड. तिच्या बँकेत चाळीस होते.

डॉडचा संघ साडेबाराच्या सामन्यातच जिंकून बसला होता. डॉड म्हणजे शेडमधला सगळ्यात जुना माणूस, त्याच्यासमोर केरसुद्धा आवाज खाली घेतो. तीन वाजता चार सामने सुरू झाले. केरचा संघ पुढे. दोघा टेट भावांचे संघ पुढे. हे भाऊ वर्षातून चार वाक्यं बोलतात आणि त्यातली तीन हवेबद्दल असतात. शोनाचा किंगसेटन संघ साडेपाचला खेळणार होता. उरला सेंगाचा लोखब्रे. तिथे एक-एक.

सेंगा शोनाच्या शेजारी बसली होती. शेडमध्येही शेजारीच उभी राहते. शोनाला कामाला तिनेच लावलं. आईची शाळेतली मैत्रीण.

"माझ्या वाटणीचे आले ना," सेंगा म्हणाली, "तर आधी हे पुढचे दात करून घेणार. सफरचंद चावून दाखवीन तुम्हाला."

"आधी तोंड मिटायला शीक," केर म्हणाला.

"तुझ्या लग्नात मिटलं होतं. बोलायला पाहिजे होतं, ती पोरगी वाचली असती."

सगळे हसले. शोना टीव्हीच्या पट्टीकडे बघत होती. लोखब्रेचा गोल होऊ नये. सेंगाचे दात होऊ नयेत. असं आपण मनात म्हणतोय हे तिला ऐकू येत होतं आणि तरी ती म्हणतच होती. दाराबाहेर कुणीतरी पाय आपटला तरी तिचं काळीज लक्कन हलत होतं.

शेवटच्या मिनिटाला पट्टीवर आलं: लोखब्रेला पेनल्टी.

सेंगाने डोळे मिटले आणि शोनाचा हात धरला. तिच्या बोटांना चाकूच्या जुन्या खुणांचे कंगोरे होते, ते शोनाच्या हातात रुतले. पट्टी फिरून परत यायला युग लागलं. शोनालाही डोळे मिटावेसे वाटले, पण मिटले असते तर पाणी आलं असतं.

लोखब्रे दोन.

टेबलावरची बशी खाली पडून फुटली आणि तिच्याकडे कुणी बघितलंही नाही. केरने टेट भावांपैकी एकाचा मुका घेतला. बाकीच्या शिट्ट्याही वाजल्या. पाच झाले. पाच. आता फक्त किंगसेटन.

डॉडने हात वर केला तसे सगळे गप्प झाले.

"ऐका. दुकान मध्येच कूपन परत विकत घेतं. आत्ता गेलो तर अडीच हजार तरी देतील. किंगसेटन हरलं तर बसाल बोंबलत."

"आणि जिंकलं तर सात," केर म्हणाला.

"कधी आलेत तुझ्या हातात सात हजार? अडीच तरी आलेत?"

"विका," धाकटा टेट म्हणाला. त्याचं या वर्षातलं चौथं वाक्य असावं. सेंगानेही मान हलवली.

"मी जाऊन येते," शोना झटकन उठली. आवाज तिचाच होता, पण लांबून आल्यासारखा.

"मी पण येतो," डॉड टोपी घालत म्हणाला. "एवढे पैसे घेऊन एकटी कुठे फिरतेस."

बाहेर वारा अंगात घुसत होता. बेटिंगचं दुकान चढाच्या वरच्या टोकाला. हिरवी पाटी इथूनच दिसत होती. शोना इतकी हळू चालत होती की डॉडला दर चार पावलांवर थांबावं लागत होतं.

"डॉड, समजा एखाद्याचं कूपन हरवलं तर?"

"काही होत नाही. लावलेलं सगळं मशिनीत असतं. वेळ सांगायची, ते काढून देतात." तो थांबला. "हरवलंस का?"

हो म्हणायला तोंड उघडलं. हो म्हटलं की आत जायचं. आत ती काउंटरवरची बाई मशीन बघणार, मग डॉडकडे बघणार. पळून जावं, तर बस सहाला, आणि आई याच गावात. पाटी जवळ जवळ येत होती. दाराशी पोचल्यावर तिला पुढचं पाऊल टाकताच येईना.

"लावलंच नाही," ती म्हणाली.

"काय?"

"कूपन. लावलंच नाही मी. ऑगस्टपासून एकदाही नाही."

डॉडला समजायला वेळ लागला. त्याने दुकानाच्या काचेतून आत बघितलं, जणू कुणीतरी आतून येऊन हे खोटं आहे म्हणून सांगेल. मग तो पायरीवर बसला. एवढा मोठा माणूस, एकदम लहान दिसला.

"पैसे?"

"मीटरला. घरात. थोडे असेच गेले."

"मागायचे होतेस, पोरी. आमच्यातलं कोण नाही म्हणालं असतं?"

शोनाला याचा राग आला. एवढ्या भीतीतही आला. "मागायला काय जातं, डॉड. तू कधी मागितलेत?"

तो पायरीवरून उठला. वरून सीगल ओरडत गेले.

"परत जाऊन सांगायचं," तो म्हणाला.

"सामना होऊ दे ना आधी. किंगसेटन हरलं तर..."

"हरलं तर काय? सांगणार नाहीस?"

शोनाने दुकानाच्या पाटीकडे बघितलं.

"म्हणजे आत्ताच सांगायचं. जिंकल्यावर सांगितलंस तर केर तुला उचलून पाण्यात टाकेल, आणि मी मध्ये पडेन की नाही हे मलाच माहीत नाही."

उतारावरून परत येताना तो पुढे चालत होता. पबच्या दारापाशी त्याने तिला पुढे केलं आणि स्वतः दारातच उभा राहिला. आतलं ऊबदार, पिवळं, सगळे तिच्याकडे तोंड करून. केरने बिअरचे नवे पाइंट आणून ठेवले होते, तिच्यासाठीसुद्धा.

"किती दिले?" केर म्हणाला.

तिने सांगितलं. उभ्यानेच, खाली बघत, न थांबता.

केर पहिल्यांदा हसला. मग डॉडचा चेहरा बघितला आणि त्याचं हसू जागच्या जागी वाळून गेलं. खुर्ची मागे सरकल्याचा आवाज आला. शोनाने डोळे बंद करून मान खांद्यात घेतली. काहीच झालं नाही. डोळे उघडले तर थोरल्या टेटने केरचा दंड धरून ठेवला होता.

"सात हजार," केर म्हणत होता. "सात हजार. ही. ही बया."

"अजून सात झालेले नाहीत," डॉड दारातून म्हणाला.

टीव्हीवर किंगसेटनचे लोक मैदानात उतरत होते.

आणि मग जे झालं ते शोनाने कधी कल्पनेतही आणलं नव्हतं. कुणी घरी गेलं नाही. सगळे खुर्च्या वळवून बसले. पहिल्या वीस मिनिटांत किंगसेटनने गोल मारला आणि धाकट्या टेटने दोन्ही हातांनी डोकं धरलं. सेंगाने टेबलाची कड पकडली होती. आत्तापर्यंत एकटी शोना भीत होती, आता सहाही जण भीत होते. आपलाच संघ जिंकू नये म्हणून. जिंकला तर हातात नसलेले सात हजार हातातून जाणार, आणि ते जन्मभर जात राहणार, रोज सकाळी सहाला, ही पोरगी शेजारी उभी असताना.

"हर ना रे," केर पुटपुटत होता. "हर ना, मेल्या."

मध्यंतरानंतर बरोबरी झाली. एक-एक. कुणी ओरडलं नाही, कुणीतरी नुसता श्वास सोडला. बरोबरी म्हणजेही कूपन मेलं. बरोबरी टिकायला पाहिजे होती फक्त. शेवटच्या पाच मिनिटांत किंगसेटन नुसतं चाल करून येत होतं. एक चेंडू खांबाला लागला. तो आवाज पबमध्ये ऐकू आला, आणि शोनाला वाटलं आपल्याच छातीत लागला. पुन्हा कॉर्नर. पुन्हा गर्दी. चेंडू कुठे आहे ते कुणाला दिसेना. गोलकीपर त्याच्यावर पडला होता.

शिट्टी.

एक-एक. कूपन मेलं. थोड्या वेळाने धाकट्या टेटने कोट घातला, मग थोरल्याने. केरने शोनासाठी आणलेला पाइंट उचलला, स्वतः संपवला आणि तिच्याकडे न बघता निघून गेला.

सेंगा उरली होती. ती स्वतःच्या बोटांकडे बघत होती.

"जिंकलं असतं ना," ती म्हणाली, "तर मी तुला मारलं असतं. खरंच मारलं असतं. मग रडले असते, आणि मग कदाचित संपलंही असतं. आता काय करायचं ते मला कळत नाहीये, शोना."

"आईला सांगणार?"

"तू सांगणारेस. आज." तिने पर्स उचलली. "सोमवारी मी दुसऱ्या टोकाला उभी राहीन."

ती गेली. डॉड परत दारात जाऊन उभा होता, दार उघडं धरून, आणि गार वारा थेट टेबलापर्यंत येत होता.

"मी येऊ का सोमवारी?" शोनाने विचारलं.

"मला विचारू नकोस," डॉड म्हणाला. "चल, दार किती वेळ धरून ठेवू."

तिने कोट घातला. बटण लागेना. अडीच हजार की सात हजार, ते काही द्यायचं राहिलं नव्हतं आता. तरी भीती दुपारी होती तेवढीच होती, आणि घर फक्त दोन गल्ल्या लांब होतं.