अर्धे मिनिट नुसते बूट

मित्रांनो, मी एक जुना, किल्लीवर चालणारा सिनेमाचा कॅमेरा आहे. एकदा किल्ली दिली की अर्धे मिनिट चालतो, मग हटून बसतो. युद्ध संपून दहा वर्षे झाली होती. जपानभर पूल, कारखाने, धरणे उभी राहत होती आणि छायाचित्रकार कुराता मला घेऊन त्यांचे माहितीपट काढत हिंडत. काय मजेचे दिवस होते ते!

डोंगरातल्या एका धरणावर आम्ही तीन वर्षे काढली. अखेर काँक्रीटची शेवटची बादली तारेवरून खाली यायचा दिवस आला. फिल्म तेवढ्यापुरतीच उरली होती.

"कुराता, आज चुकलात तर पुढच्या धरणाला दुसरा माणूस," दिग्दर्शक हातानाका म्हणाले.

बादली निघाली, मी सुरू झालो. तेवढ्यात रांगेत उभ्या मुकादम इसोजींनी हेल्मेट काढले. "कुरातासान, आमच्यासाठी उन्हात, बर्फात उभे राहिलात. फार उपकार झाले," म्हणत ते कमरेत वाकले. मागचे चाळीस जणही वाकले. समोरचा वाकल्यावर ताठ उभे राहतील ते कुराता कसले! तेही वाकले, मला डोळ्याला लावूनच. हे उठेनात म्हणून ते उठेनात. बादली रिकामी झाली तेव्हा मी जमीन बघत होतो.

फिल्म धुऊन आली, तर तिच्यावर नुसते चिखलाचे बूट. हातानाकांनी कपाळाला हात लावला. पण कामगारांना माहितीपट दाखवायचे कबूल केले होते, म्हणून शाळेच्या पटांगणात पडदा बांधला. कुराता सगळ्यांच्या मागे मान खाली घालून बसले.

बूट दिसले आणि इसोजींची बायको त्सुरु म्हणाली, "अगं बाई, हे तर आमच्या ह्यांचे. ठिगळ मीच लावलंय. दाखवायला नेमके हेच सापडले का?"

"आणि हा रोकुसुके. बुटाचं एक बटण कायम उघडं," दुसरी म्हणाली.

पटांगण हसून लोळले. बायकांनी एकेक जोड ओळखला. ते अर्धे मिनिट तीनदा लावावे लागले. हातानाकांनी ते कापले नाही.

"कुराता, पुढच्या धरणाला वाकायचं असेल तर आधी सांगा," एवढेच ते म्हणाले. कुरातांनी आनंदाने मला पोटाशी धरले.

बायकांनी ओळखलेली सगळी नावे कुरातांनी फिल्मच्या डब्याच्या झाकणावर लिहून ठेवली. आज मी आणि तो डबा धरणाजवळच्या संग्रहालयात असतो. धरणाच्या भिंतीवर त्या माणसांपैकी कुणाचेही नाव नाही. म्हणून सांगतो मित्रांनो, घरातल्या जुन्या फोटोंमागे नावे लिहून ठेवा, आणि आजच लिहा. बुटावरून माणूस ओळखणारे कुणीतरी अजून तुमच्या घरात आहे.