अल्दाराची पावलं

"पुन्हा फिल्म खाल्ली बघ या खटाऱ्याने!" माझ्या खिडकीच्या अगदी खाली बसलेली कासिल्दा न्हावीण फणकारली. "याला घरी जेवायला देत नाहीत की काय?"

मी एक जुना सिनेमाचा प्रोजेक्टर आहे, मित्रांनो, आणि मी जन्मात एकदाही फिल्म खाल्लेली नाही. खाल्ली ती दुसऱ्याने, आणि बदनाम झालो मी.

माझा जन्म बार्सिलोनाच्या कारखान्यातला. तिथून गालिसियातल्या या कोळ्यांच्या गावी मी बैलगाडीतून आलो. मासे खारवायच्या जुन्या गोदामात माझ्यासाठी माळा बांधला. पाद्रीबाबांनी माझ्यावर पवित्र पाणी शिंपडलं; त्याने माझा एक स्क्रू गंजला, तो आजही निघत नाही. अमारो मला चालवायचा. लहान बाळाचं अंग पुसावं तसा तो मला मऊ फडक्याने पुसायचा.

मग एका वर्षी सिनेमावाली मंडळी गावात आली. ग्रीकांची जुनी कथा होती. एक गवई मेलेल्या बायकोला परत आणायला पाताळात जातो. अट एकच, दारापर्यंत पोचेतो मागे वळून बघायचं नाही. त्याच्या मागून चालायला त्यांना सात मेलेली माणसं हवी होती, हातात मेणबत्ती घेतलेली.

गाव हबकलं. "हे ग्रीकांचं कसं?" म्हातारे म्हणाले. "हे तर आमच्या चर्चमागच्या वाटेवरचं!" कारण इथे मेलेल्यांची मिरवणूक खरोखरच निघते. पुढे क्रूस घेतलेला एक जिवंत माणूस असतो, त्याला मागे बघायची मनाई. आणि मिरवणुकीतल्या कुणी दिलेली मेणबत्ती जो हातात घेईल, तो त्यांच्यातलाच झाला. वाचायचं असेल तर स्वतःभोवती रिंगण काढून आत उभं राहायचं.

सिनेमावाल्यांना बाहेरगावची सहा माणसं मिळाली. सातवी मेणबत्ती अल्दाराने घेतली. ओबदुलियाबाईंची एकुलती लेक, अमारोची ठरलेली नवरी. "द्या इकडे," ती हसून म्हणाली. "मेणबत्तीच आहे, चावत नाही. या पैशांत लग्नाचे बूट तरी होतील."

चार महिन्यांनी ती खडकांवर शिंपले काढायला गेली आणि लाट आली. शोधूनही हाती काहीच लागलं नाही. म्हणून घंटा वाजली नाही, प्रार्थना झाली नाही. गावाने एक शब्द मात्र गिळून टाकला. ओबदुलियाबाईंसमोर सगळे म्हणायचे, "अल्दारा समुद्रावर गेलीय."

सिनेमा डब्यांतून आमच्याकडे आला. पुढे ती कंपनी बुडाली, प्रत परत मागायला कुणी आलंच नाही. दर रविवारी दुपारी शेवटचं रीळ लागायचं. मिरवणूक आली की लोक खडूने पायांभोवती रिंगण काढायचे. पहिल्या रांगेतल्या ओबदुलियाबाई तेवढ्या काढायच्या नाहीत. सर्वांत मागे, सातवी, अल्दारा. मग गवई वळायचा आणि सगळं धुकं व्हायचं.

एकदा फिल्मचा जोड सुटला, थोडा तुकडा वाया गेला. ओबदुलियाबाई जाताना म्हणाल्या, "आज लवकर दिसली रे. एक पाऊल पुढे."

झालं. त्यानंतर दर शनिवारी सकाळी अमारो पातं आणि डिंक घेऊन बसायचा. मिरवणुकीच्या सुरुवातीची बोटभर पट्टी कापायचा, तुकडा तंबाखूच्या डब्यात ठेवायचा. रविवारी संगीताला आचका बसायचा, शिव्या मला. अल्दारा दिसायची ती आदल्या रविवारपेक्षा एक पाऊल जवळ.

अकरा वर्षं. अमारोच्या बरोबरीच्यांची पोरं शाळेत जाऊ लागली. त्याचे केस पांढरे झाले. बंदरातल्या नोकरीला तो नाही म्हणाला. "ओबदुलियामावशींना कोण दाखवेल?" म्हणायचा.

मित्रांनो, कापल्याने माणूस लवकर दिसतो. पुढे जात नाही. पट्टी माझ्या पोटातून जाते, मला एकेक चित्र ठाऊक. त्या शेवटच्या रविवारी बाकीचे सहाजण आपल्या जागी होते आणि अल्दारा त्यांना मागे टाकून आली होती. गवयाच्या खांद्यापासून हातभर अंतरावर. इतकी पुढे ती कॅमेऱ्यासमोर कधी चाललीच नव्हती. ती आमच्या माळ्याकडे बघत होती.

गवयाने मान वळवायला घेतली. अमारोने झडप घालून मला थांबवलं.

थांबलेली फिल्म माझ्या दिव्यासमोर जळते, हे त्याच्याइतकं कुणाला ठाऊक होतं? पडद्यावर तपकिरी डाग पडला, पसरला, मग नुसतं पांढरं. खाली कुणी रिंगणाबाहेर पाऊल टाकेना.

त्यानंतर मी कधी चाललो नाही. आज माझ्यावर जाळी टाकलेली असतात. जुनी यंत्रं सांभाळा, तेलपाणी करा, एवढं मी मागेनच. पण आणखी एक मागतो. जो माणूस यंत्राशी तासन्‌तास एकटा बसतो, त्याची अधूनमधून विचारपूस करा. मला फडकं नाही मिळालं तरी चालेल.

कारण त्या दुपारी शिडी करकरली आणि ओबदुलियाबाई वर आल्या. त्यांनी डबा उघडला. तुकडे बोटांवरून सोडले.

"माझ्यासाठी कापत होतास?"

"तुम्ही वाट बघता म्हणून, मावशी."

"मी?" त्या मटकन स्टुलावर बसल्या. "अरे वेड्या, तू इथे एकटा बसतोस म्हणून मी येत होते. या गुडघ्यांनी, दर रविवारी."

माझ्या खिडकीखाली सगळं गाव कान देऊन होतं. बाईंनी अमारोचा डिंकाने चिकट झालेला हात धरला.

"अल्दारा मेली, अमारो," त्या म्हणाल्या. "मेली रे माझी पोर."