लामर्टचा ओव्हरकोट

मित्रांनो, माझा रंग करडा आहे, वजन भारी आहे आणि उजव्या खिशाला भोक आहे. मी एक जुना ओव्हरकोट. दुसरं महायुद्ध संपलं त्या वर्षी ॲमस्टरडॅममध्ये कापड मिळत नव्हतं. म्हणून यान्तिना हूफिंगने दोन लष्करी घोंगड्या कापून मला आपल्या नवऱ्यासाठी शिवलं. तिचा नवरा लामर्ट सिनेमात लहानसहान कामं करायचा.

"यात मी घोड्यासारखा दिसतो गं," तो आरशासमोर म्हणाला.

"घोडा निदान गारठत नाही. घाल गुपचूप!"

लामर्टचे कान मोठे आणि चेहरा लांबट, त्यामुळे नायकाचं काम त्याला कुणी दिलं नाही. बाकी सगळं मिळालं. माझी कॉलर वर केली की तो चोर व्हायचा, खाली केली की स्टेशनमास्तर. पुढे घराघरात टीव्ही आला, तेव्हा बाजारातली मासेवाली त्याला थांबवून विचारायची, "अहो, चेहरा रोज बघते, पण नाव काय तुमचं?" तो हसून नाव सांगायचा आणि पुढच्या आठवड्यात ती पुन्हा तेच विचारायची.

त्या काळी टीव्हीवरचं नाटक थेट दाखवत. चुकलं की सगळ्या देशासमोर चुकलं. अशाच एका नाटकात लामर्ट मला घालून पोस्टमन झाला होता. "पत्र आहे, आजोबा," एवढं एकच वाक्य बोलून त्याला जायचं होतं. आजोबांचं काम रूलोफ नावाच्या वृद्ध, नामवंत नटाकडे होतं. सकाळी त्यांनी माझी बाही धरून लामर्टला बाजूला नेलं.

"लामर्ट, शब्द निसटायला लागलेत रे. आज अडलो तर पुन्हा कुणी बोलावणार नाही मला."

संध्याकाळी तेच झालं. समुद्रावर गेलेल्या मुलाचं पत्र त्यांनी उघडलं. कागद कोरा होता, मजकूर तोंडपाठ म्हणायचा होता. ओठ हलले, आवाज फुटेना. लामर्ट दाराबाहेर पोचलाही होता. त्याच्या छातीची धडधड मला अस्तरातून जाणवली. तो मागे वळला.

"आजोबा, चष्मा विसरलात वाटतं. द्या इकडं, मी वाचतो."

तालमी बघून बघून त्याला ते पत्र पाठ झालं होतं. कोऱ्या कागदावर बोट फिरवत तो सावकाश वाचू लागला. तिसऱ्या ओळीला रूलोफचे डोळे उजळले. त्यांनी कागद हिसकावून घेतला.

"ए, पोराचं पत्र बापाला वाचू दे की!"

हे वाक्य नाटकात नव्हतंच. पुढचं सगळं पत्र ते असं बोलले, की कॅमेऱ्यामागची माणसंही डोळे पुसू लागली.

दुसऱ्या दिवशी पेपरात रूलोफचं भरभरून कौतुक आलं. पोस्टमनचा उल्लेखही नव्हता. रूलोफ बिस्किटांचा डबा घेऊन घरी आले. "मी पेपरवाल्यांना खरं काय ते सांगणार आहे," ते म्हणाले.

"नका सांगू," लामर्ट म्हणाला. "तुम्ही बोलायला लागलात, तेव्हा मीसुद्धा जायचं विसरून ऐकत उभा होतो. माझं मानधन मला तिथंच मिळालं."

रूलोफ त्यानंतर चार वर्षं काम करत राहिले.

पुढे हलकी, चकचकीत जाकिटं आली आणि मी माळ्यावरच्या पेटीत गेलो. कसर लागली. वाईट वाटायचं, खोटं कशाला बोलू! लामर्ट गेल्यानंतर यान्तिनाने मला बाहेर काढलं, उन्हात टाकलं, कसरीची भोकं रफू केली. दोरा निळा निघाला, तिला चालला. आता ती मला घालून कालव्याकाठी फिरते. बाह्या तिला लांब होतात, म्हणून दुमडते. मला शिवणारे हात माझ्याच बाह्यांत आले, याहून जास्त काय हवं?

मित्रांनो, ओला कोट तसाच कोंबू नका, वाळवा. उसवला तर टाका घाला. आणि सिनेमा संपला की लगेच उठू नका. पडद्यावर शेवटी बारीक अक्षरांत नावं येतात. तेवढी वाचून मग घरी जा.