सव्वा मणाचा चॅम्पियन

"तुझा टेकचंद मुंबईत काय करते वं?" असं कोणी विचारलं की रुख्माबाई सरळ सांगायची, "उपास करते." लोक हसायचे. हसोत बापडे! आईचा जीव किती जळतो, ते त्यांना काय कळणार?

फुलचूरचा टेकचंद मुंबईच्या घोड्यांच्या शर्यतीत नावाजलेला जॉकी होता. सलग तीन वर्षं त्यानं सगळ्यांत जास्त घोडे पहिले आणले. त्याचा काका भैय्यालाल पेपरात त्याचं नाव शोधून काढायचा आणि चावडीसमोर मोठ्यानं वाचायचा. रुख्माबाईला त्यातलं एवढंच कळे, की जॉकी सव्वा मणाच्या वर भरला तर त्याला खोगिरावर बसू देत नाहीत. म्हणून लेक अर्धपोटी राहतो. आग लागो त्या काट्याला! धानाच्या मुलखातलं पोर, आणि त्याला भात नाही.

दर डिसेंबरात मुंबईचे घोडे कलकत्त्याला पळायला जात. त्यांच्यासोबत टेकचंदही जाई. मेल गोंदियाला वीस मिनिटं थांबायची. नुकताच नवा चिन्नोर घरात आलेला असे. तो वासाचा भात, वर तूप आणि कोचईच्या म्हणजे अळूच्या पानांच्या वड्या असा डबा घेऊन रुख्माबाई तासभर आधीच फलाटावर उभी. टेकचंद उतरायचा, डबा उघडायचा, डोळे मिटून वास घ्यायचा. दोन शितं जिभेवर ठेवून बाकीचा डबा घोड्याची निगा राखणाऱ्या सईसाला देऊन टाकायचा.

"खाय ना रे! माह्या समोर खाय."

"कलकत्त्याले काट्यावर उभं राहा लागते, माय. वास घेतला ना, झालं."

"घोड्याले चणे, गाजरं, अंडी, अन् माह्या लेकाले वास? असा कसा रे थो तुया मालक?"

सईस खाली मान घालून खात राही. शिटी वाजे, गाडी जाई. रुख्माबाई रिकामा डबा घेऊन पायी फुलचूरला परते. डबा रिकामा पाहून शेजारणी म्हणत, जेवला वाटते पोरगा. ती हो म्हणायची. अशी दहा वर्षं गेली.

अठ्ठावन्नच्या महाशिवरात्रीला मात्र तिच्यानं राहवलं नाही. बैलगाडीनं ती तिकडच्याच प्रतापगडच्या जत्रेला गेली आणि महादेवापुढे अडून बसली. "देवा, थो जिंको नाहीतर हरो. माह्या हातचं पोटभर जेवू दे. त्याचा उपास सोडव, बाबा."

त्याच साली डिसेंबरात मेल आली, डब्याचा वास घेऊन टेकचंद पुढे गेला. पंधरा दिवसांनी भैय्यालाल पेपर घेऊन घरी आला. या वेळी चावडीवर गेला नाही. कलकत्त्याला पळता घोडा कोसळला होता आणि टेकचंद त्याच्याखाली सापडला होता. जीव वाचला. पण मांडीचा चुरा झाला, आता घोड्यावर बसणं नाही असं डॉक्टरांनी सांगितलं होतं.

होळीच्या आधी टेकचंद दोन काठ्यांवर घरी आला. भिंतीला टेकून बसला आणि म्हणाला, "वाढ, माय. पोटभर."

रुख्माबाईनं वाढलं. तो जेवला. वड्या संपवल्या, भात संपवला, पुन्हा मागितला. अकरा वर्षं ती याच घडीसाठी झुरली होती, आणि आता घास त्याच्या तोंडात जाई अन् नजर तिची त्या दोन काठ्यांकडे वळे. देवाजवळ आपणच मागितलं होतं हे. जिंको नाहीतर हरो, असंही आपल्याच तोंडानं म्हटलं होतं. कोणत्या तोंडानं म्हटलं, बाई!

टेकचंद मध्येच थांबला. घास नाकाशी नेऊन त्यानं हुंगला.

"तांदूळ थोच आहे ना, माय?"

"थोच. चिन्नोर."

"मंग फलाटावर येत होता तसा वास काऊन नाही येऊन राहिला?"

रुख्माबाईनं भाताचं पातेलं मागे ओढलं. "पुरे आता. ऊठ."

"काऊन?"

"वजन वाढंल," ती म्हणाली आणि पदर तोंडात कोंबून रडू लागली.

टेकचंदनं रिकामी थाळी तिच्यापुढे सरकवली. "वाढ, माय. आता कोण तोलते मले?"